आधी आलेली हाक

मोबाईल उपडे ठेवा आधी. लाईट गेलीय, ती काही तुमच्या या काजव्यांनी परत येत नाही. आणि तू रे, चष्मेवाल्या, कठड्यावरून खाली उतर. गोष्टीच्या मधेच दचकलास आणि गेलास खाली, तर तुझ्या आईला तोंड मी दाखवायचं.

भुताची गोष्ट हवी म्हणता ना? सांगतो. पण हिच्यात भूत नेमकं कुठं आहे, ते मला आजवर कळलेलं नाही. ऐका आणि तुम्हीच ठरवा. ऐकीव नाही बरं का, माझ्या सख्ख्या थोरल्या बहिणीच्या घरी घडलेली आहे. थोडी मी डोळ्यांनी पाहिली, बाकीची दाजींनी सांगितली. आता दाजी म्हणजे कसा माणूस, तर साखर किती घालू विचारलं की आधी कप केवढा आहे ते विचारणार. अशा माणसाला थाप मारता येत नाही. जमतच नाही.

तेरा वर्षं झाली. जानेवारीची सात तारीख, सोमवार. अमावस्या नव्हती, घुबड ओरडत नव्हतं, काही नाही. चांगलं अर्धं चांदणं होतं. ताईचा मिक्सर माझ्या दुकानात आठ दिवस पडून होता. मोटार जळलेली, वाइंडिंग नव्यानं करायचं होतं, आणि घरच्या गिऱ्हाइकाचं काम सगळ्यात शेवटी हा आमच्या धंद्यातला जुना नियम. त्या दिवशी तिनं तीन फोन केले. तिसऱ्या फोनला ती ‘अरे’वरून ‘अहो शेठ’वर आली. म्हटलं, आता प्रकरण हाताबाहेर चाललं. नऊला शटर ओढलं, मिक्सर काखेत मारला आणि निघालो.

ताई तेव्हा राहायची वस्तीच्या टोकाला, जुन्या टेलिफोन केंद्रात. मोबाईल आले आणि केंद्राला टाळं लागलं. वर साहेबासाठी बांधलेल्या तीन खोल्या होत्या, त्यात ताई, दाजी आणि त्यांची चिमी. चिमी सहा वर्षांची, पहिलीत. खाली लांबच लांब बोळ, आणि बोळाच्या शेवटी बॅटरीची खोली. त्या खोलीपायीच तर दाजी कॉलेजातली पक्की नोकरी सोडून तिथं येऊन राहिले होते.

सांगतो, सांगतो. घाई नको.

टेलिफोन केंद्राच्या बॅटऱ्या कधी बंद पडू देत नाहीत. चाळीस वर्षं, दिवसरात्र, त्या खोलीत बॅटऱ्या भरलेल्या होत्या. केंद्र बंद झालं, बॅटऱ्या भंगारात गेल्या, तारा कापून टाकल्या. तरीसुद्धा भिंतीतून लोंबणाऱ्या तारेच्या तुकड्याला मीटर लावला की काटा हलायचा. मी स्वतः लावून पाहिलाय. पलीकडं काही नाही, अलीकडं काही नाही, आणि काटा हलतोय. त्याचा अभ्यास करायला एक बाई आल्या होत्या, मोठ्या विद्वान. त्यांना सगळे नुसतं ‘बाई’च म्हणायचे. पन्नाशीच्या पुढं, पण वेणी काळीभोर, मनगटाएवढी जाड. खांद्याला पिशवी आणि पिशवीत कायम ग्लुकोजच्या बिस्किटांचा पुडा. चहात बुडवून खायच्या. चिमी समोर उभी राहून बघायची, पण बाईंनी तिला कधी एक बिस्कीट म्हणून दिलं नाही. “काम चालू असताना मुलांनी इथं यायचं नाही,” एवढंच. दाजी त्यांच्या हाताखाली.

बाईंचं म्हणणं, ही वीज नव्हे. वीज गेली, तिच्याबरोबर चाळीस वर्षं साठलेला वेळ तेवढा खोलीत राहिला. त्याला त्यांनी ‘पूर्वऊर्जा’ असं भारदस्त नाव ठेवलेलं. दोघं आपापसांत मात्र त्याला ‘आगाऊ’ म्हणायचे, कारण त्या खोलीत आवाज आगाऊ यायचा. म्हणजे असं बघा. बाई हातात ताटली धरून उभ्या. ताटली हातातच आहे. आणि ठणण्... ताटली पडल्याचा आवाज! मग थोड्या वेळानं बाई ताटली खरोखर सोडायच्या. ती फरशीवर आपटायची, गोल फिरायची, आणि आवाज? काही नाही. गादीवर पडल्यासारखी. आवाज आधीच येऊन गेलेला ना. हे मी पाहिलं त्या दिवशी घरी जाऊन दोनदा हात धुतले. का, ते विचारू नका.

या कामाचे त्यांचे दोन नियम होते, ते नीट ध्यानात ठेवा. पहिला, जे आधी ऐकलं ते नंतर करायचंच. एकदा खोलीत काच फुटल्याचा आवाज आला. फोडायची तर बाईंची महागाची काचनळी होती, म्हणून त्यांनी फोडली नाही, कपाटात जपून ठेवली. तिसऱ्या दिवशी अख्खं कपाट पालथं झालं. तेव्हापासून ऐकलं की करून मोकळं व्हायचं. दुसरा नियम, आगाऊ हाक आली तर ओ द्यायची नाही आणि दार उघडायचं नाही. ओ दिली की ते मागं लागतं, असं बाईंचं ठाम मत.

तर त्या रात्री साडेनऊला मी पोचलो. ताईनं वरून खूण केली, हळू, चिमी झोपलीय. दाजी माझ्या हातातला मिक्सर घ्यायला खाली आले. आम्ही दोघं बोळात उभे. मी त्यांना सांगत होतो, ताईला म्हणावं दगड वाटायला मिक्सर वापरत नाहीत. दाजी हसले.

आणि बॅटरीच्या खोलीचं दार वाजलं.

आतून.

टक, टक, टक. दाराच्या खालच्या अंगाला. बाहेरून कडी लावलेली.

“बाबा... दार उघड ना. अंधार आहे.”

चिमीचा आवाज. ओळखण्यात चूक होणं शक्यच नाही, तिला स नीट म्हणता येत नव्हता तेव्हापासून तो आवाज मी ऐकलेला. दाजींच्या हातातला मिक्सर खाली टेकला. नियम त्यांनीच मला दहादा सांगितला होता. पण बाप होता हो तो. झटक्यात कडी काढली आणि दार सताड उघडलं.

आत काही नाही. फरशीवर बॅटऱ्यांच्या मांडणीचे जुने डाग, भिंतीला तारांचे तुकडे. बल्ब लावला, कोपरे पाहिले. रिकामी खोली. मला हसू आलं. भीती वाटली की मला हसू येतं, वाईट खोड आहे. आणि मी हसत असतानाच खोलीतून थंड झुळूक बाहेर आली. एक माझ्या गुडघ्याला लागून गेली. तिच्यामागं दुसरी, खांद्यापाशी.

दाजी तीन-तीन पायऱ्या चढत वर पळाले. चिमी गाढ झोपलेली. पांघरूण लाथाडलेलं, तोंड उघडं.

दुसऱ्या दिवशी बाई आल्या, त्यांनी सगळं ऐकून घेतलं. आधी दार उघडलं म्हणून दाजींना झाप झाप झापलं. मग शांतपणे म्हणाल्या, “आता ऐकलंय म्हणजे करायला हवं. चिमीला एकदा आत उभी करू. ती दार वाजवेल, तेवढं वाक्य म्हणेल. आपण सगळे बाहेर असूच. एका मिनिटाचं काम.”

ताई चहा घेऊन आली होती. तिनं ट्रे खाली ठेवला.

“माझी पोर म्हणजे तुमची ताटली नव्हे,” ती म्हणाली.

“तुम्ही नाही केलं तर ते आपलं आपण करून घेईल. कपाट आठवतंय ना तुम्हाला?”

“कपाट पडू दे नाहीतर घर पडू दे. ती त्या खोलीत पाऊल टाकणार नाही. अहो, तुम्ही गप्प का? सांगा की यांना!”

दाजींनी सांगितलं. त्या खोलीला जाडजूड कुलूप घातलं, आणि किल्ली बाईंकडं राहिली, कारण मोजमाप चालूच होतं. तिथंच चुकलं बघा. पण तेव्हा कुणाला सुचलं नाही.

मग वरच्या घरात सुरू झालं.

पहिल्यांदा वाटलं उंदीर. रात्री जिन्यावर पावलं वाजायची, अनवाणी, हलकी. मोरीत नळ सुटायचा. ताईनं बघावं तर नळ बंद आणि बादलीत पाणी. दुधाचं भांडं झाकलेलं, साय मोडलेली नाही, तरी तिला वाटायचं कमी झालंय. दाजी म्हणाले, आगाऊ आहे, दार उघडलं म्हणून वर आलंय, उद्या-परवाचे आवाज आज येतायत. ताई म्हणाली, उद्याचं दूध पण आजच संपतं का? विद्वानांनी उठून भांड्यावरचं झाकण परत नीट बसवलं.

आणि रोज रात्री दाजींच्या अभ्यासाच्या खोलीचं दार वाजायचं. खालच्या अंगाला.

“बाबा, दार उघड ना.”

पहिल्या तीन रात्री दाजींनी उघडलं. बाहेर कुणी नाही. पलीकडच्या खोलीत जाऊन बघावं तर चिमी आईच्या कुशीत. चौथ्या दिवशी बाई म्हणाल्या, “उघडाल तेवढं ते वाढेल. उघडू नका. आपोआप विरून जाईल.” विद्वान बाई, शिवाय गुरू. दाजींनी ऐकलं. रात्री हाक आली की कानांवर हात दाबून बसायचे. माणूस आठवड्यात अर्धा झाला. मला म्हणाले, “अरे, ती समोर झोपलीय हे मला माहीत आहे. तरी प्रत्येक वेळी आतून तुटतं रे.”

त्याच दिवसांत एकदा ताई झाडत होती. दाजींच्या खोलीच्या उंबऱ्यापाशी केरात काहीतरी पांढरं निघालं. दुधाचा दात. समोरचा. तिनं चिमीला उजेडात नेऊन तोंड उघडायला लावलं. दात सगळे जागच्या जागी. ताईनं मला तो दात दाखवला. “हा कुणाचा रे?” मी म्हटलं, आधीच्या साहेबांच्या मुलाचा असेल, फटीत अडकलेला. तीसुद्धा हो म्हणाली. पण दोघांनाही ते पटलं नव्हतं.

अठ्ठावीस जानेवारी. परत सोमवार. तिन्हीसांजेला मी तिथंच होतो. चिमीचा समोरचा दात हलायला लागला होता, आणि ती तो जिभेनं मागंपुढं करून सगळ्यांना दाखवत होती. मी म्हटलं, आण इकडं, माझ्याकडं पक्कड आहे. ती किंचाळत पळाली. मी घरी आलो, जेवलो.

दहाच्या सुमाराला लाईट गेली. सगळ्या वस्तीची.

आता पुढचं मी दाजींकडून आणि बाईंकडून तुकड्यातुकड्यानं ऐकलेलं, जोडून सांगतो. बाई त्या वेळी खाली बॅटरीच्या खोलीत मोजमाप करत होत्या. लाईट गेली तशा त्या चाचपडत बोळाच्या दुसऱ्या टोकाला गेल्या, फ्यूज पाहायला. दार उघडंच. वर चिमीला जाग आली. आई शेजारी गाढ झोपलेली. पोरीला तहान लागलेली आणि अंधार. तिला वाटलं, बाबा नेहमीसारखे खालीच असतील. ती भिंतीला धरून जिना उतरली. उघडं दार दिसलं. “बाबा?” म्हणत आत गेली.

दार मागं लागलं.

बाई परत आल्या. दार लागलेलं. त्यांना वाटलं, वाऱ्यानं लागलं. कडी घातली. कुलूप घातलं. आणि लाईट येईपर्यंत म्हणून तिथंच, जिन्याच्या खालच्या पायरीवर बसल्या.

दारापासून चार हातांवर.

आत पोर दार बडवत होती. जिवाच्या आकांतानं.

बाईंना काही ऐकू आलं नाही. कसं येणार? तो आवाज आम्ही तीन आठवडे आधीच ऐकून घेतला होता.

वर दाजी आपल्या खोलीत. दार वाजलं. “बाबा, दार उघड ना.” त्यांनी कान झाकले. पुन्हा. मग पहिल्यांदाच एक नवं वाक्य आलं. हळू आवाजात. थकून गेल्यासारखं.

“बाबा... तू आत आहेस, मला माहितीय.”

दाजी म्हणाले, तेव्हा मी ओठ चावला, रक्त आलं. पण उघडलं नाही.

आणि तेवढ्यात पलीकडून ताईची किंकाळी. “अहो! चिमी जागेवर नाही!”

तिनं मला फोन केला. मी सायकल मारत पाच-सात मिनिटांत पोचलो. टॉर्च घेऊन सगळं घर पालथं घातलं. गच्ची, मोरी, माळा. मोठं दार मी येईपर्यंत आतून बंदच. शेवटी बॅटरीची खोली. बाई म्हणाल्या, शक्यच नाही, मी इथंच बसलेय. कुलूप काढलं. टॉर्च टाकला.

रिकामी.

फक्त दाराच्या आतल्या बाजूला, माझ्या मांडीएवढ्या उंचीवर, धुळीत छोटे छोटे हात उमटलेले. खूप. एकावर एक.

ताईनं त्यांतल्या एका हातावर आपला तळवा टेकवला. बाई त्या ठशांकडं बघत राहिल्या. मग दाजी बोलले. असे, की जणू एखादा दूरचा माणूस बोलतोय.

“मी दार उघडलं होतं,” ते म्हणाले. “सात तारखेला. ती तेव्हा बाहेर आली. आपल्या मधून गेली. आपल्याला दिसली नाही.”

“म्हणजे?” मी विचारलं.

“म्हणजे ती तीन आठवडे मागं पडलीय. घरातले आवाज आगाऊ नव्हते रे. ती पोर होती. आपली पोर... तीन आठवडे आपल्याच घरात... दार वाजवत...”

कळलं का पोरांनो? इकडं ताईच्या कुशीत चिमी झोपलेली, आणि तिकडं उंबऱ्याबाहेर तीच चिमी, पुढच्या रात्रीतून मागं ढकलली गेलेली, कुणाला न दिसणारी, बापाला हाक मारतेय. आणि आतला विद्वान बाप नियम पाळतोय.

दाजी वर गेले. आपल्या खोलीत शिरले, दार लावून घेतलं. दिवा नाही, टॉर्च नाही. आम्ही जिन्यात उभे. बाई म्हणाल्या, “उघडू नका... अजून नक्की नाही...” ताईनं त्यांच्याकडं नुसतं पाहिलं.

मिनिट गेलं.

दोन.

काही नाही.

ताईनं माझं मनगट धरलेलं, तिची नखं रुतत होती. वर अंधारात बंद दार. दारासमोर कुणी नाही. टॉर्चच्या उजेडात मी स्वतः बघत होतो. कुणी नाही.

टक.

टक, टक.

दार उघडलं. दाजींनी चौथ्या ठोक्याची वाट पाहिली नाही.

आणि उंबऱ्यावर चिमी उभी होती.

मी पापणी लववली नव्हती. आधी नव्हती, मग होती. पाठमोरी. झोपायचा तोच फ्रॉक, पण मळून काळा झालेला. केस जटा झालेले, डोळ्यांवर आलेले. हाताची नखं वाढलेली. गाल आत गेलेले. दाजींनी तिला उचललं, तर म्हणाले, चिमणीएवढं वजन.

“केव्हाची हाका मारतेय, बाबा,” ती म्हणाली. रागानं नाही. नुसतं सांगितलं.

लाईट आली. ताईनं तिचं तोंड उजेडाकडं वळवलं. संध्याकाळी हलणारा दात तिथं नव्हता. त्या जागी नव्या दाताची पांढरी कड वर आली होती.

ती बोलायला लागली, तशी आम्ही ऐकत बसलो. “माझ्या जागेवर दुसरीच चिमी झोपायची. आईला हलवलं तर आई त्या चिमीलाच जवळ घ्यायची.” माझ्याकडं वळून म्हणाली, “मामा, तू हसत होतास. मी खोलीतून बाहेर आले तेव्हा.” त्या रात्रीपासून भीतीतलं माझं हसू गेलं ते गेलंच.

मग तिचं लक्ष बाईंकडं गेलं. जिन्याच्या दाराशी उभ्या होत्या, भिंतीला टेकून. चिमी त्यांच्याकडं बघत राहिली, आणि तिनं विचारलं,

“बाई, तुमचे केस परत काळे कसे झाले?”

कुणालाच कळेना. ताई म्हणाली, “काय म्हणतेस राणी?”

“बाई होत्या ना माझ्याबरोबर. त्या खोलीतच होत्या. मी रडत होते तर त्यांनी माझा हात धरला. मला रोज बिस्किटं दिली, दूध करून दिलं. त्यांना मी दिसायचे. पण तेव्हा त्यांचे सगळे केस पांढरे होते.” जराशानं म्हणाली, “आणि त्या खूप रडायच्या.”

बाई तिथंच, जमिनीवर बसल्या. ज्या बाईंनी त्या पोरीला आयुष्यात एक बिस्कीट दिलं नव्हतं.

दाजींनी त्या दिवसापासून संशोधन सोडलं. शाळेत शिकवायला लागले, दुसरं घर घेतलं. त्या घरात मोठं दार सोडलं तर एकाही दाराला कडी नाही. बाईंनी एकदा त्यांची समजूत घातली, “तुम्ही मधल्या रात्री उघडलं असतं, तरी ती दिसली नसती. वेळ भरायची होती.” दाजी म्हणाले, “दिसली नसती. पण दार तर उघडलं असतं.” आणि माझ्यासमोर लहान मुलासारखे रडले. त्यांचं ते दुःख अजून गेलेलं नाही. चिमीनं कधी बोलून दाखवलं नाही, पण गेलेलं नाही.

बाई मात्र त्या केंद्रातच राहिल्या. एकट्या. खोलीची मागच्या काळात खेचायची ओढ दर वर्षी वाढत होती. आधी मिनिटं, मग आठवडे, मग वर्षं. त्या मोजत होत्या. ती ओढ त्या सात जानेवारीपर्यंत कधी पोचेल, त्याची वाट बघत होत्या. आणि वाट बघता बघता केस पांढरे झाले.

गेल्या वर्षी त्यांचा मला फोन आला. “तुमच्या स्कूटरवरून बाजारात न्याल का? चपला घ्यायच्यात.” नेलं. त्यांनी खूप जोड पाहिले, वाकवून, उलटे करून. दुकानदार आपल्या नेहमीच्या तोऱ्यात म्हणाला, “बाई, डोळे मिटून घ्या. बारा वर्षं बघायला नको.” बाई हसल्या. इतक्या वर्षांत मी पहिल्यांदा त्यांना हसताना पाहिलं. म्हणाल्या, “द्या मग. तेवढ्याच हव्यात.” मग बिस्किटांचं एक मोठं खोकं आणि दुधाच्या भुकटीचे डबे घेतले. ते सगळं मी पुढं पायांशी घेऊन बसलो. काय चाललंय ते मला कळलं होतं. स्कूटर नीट चालवता येईना.

रात्री आम्ही सगळे केंद्राच्या बोळात जमलो. तारीख सात जानेवारीच. ताई आली होती. ती बाईंशी बारा वर्षं धड बोलली नव्हती. आता त्यांच्यासमोर उभी राहिली.

“पोर ही बघा, धडधाकट आहे. कॉलेजात जाते. आता कशाला जाता?”

“मी गेले म्हणून धडधाकट आहे,” बाई म्हणाल्या. “कुलूप मी घातलं होतं ना.”

ताईनं अंगावरची शाल काढली आणि त्यांच्या खांद्यांवर घातली. गाठ नीट मारली, लहान मुलाला मारतात तशी.

चिमी आता अठरा वर्षांची, बाईंपेक्षा वीतभर उंच. तिनं त्यांचा हात धरला. “बाई, परत कशा येणार?”

“चालत. तुझे तीन आठवडे होतील, मग माझी बारा वर्षं राहतील. ती सगळी चालून आजच्या रात्रीला पोचेन.” त्यांनी खोकं उचललं. “मी आत गेले की दार लाव. दहा मिनिटं थांब आणि उघड. तुझ्याच हातानं.”

गेल्या. चिमीनं दार लावलं. कडी घातली.

आतून काही आवाज नाही.

येणारच नव्हता. तो कधीच येऊन गेलेला. तेव्हा आम्हाला पोरीचाच तेवढा ऐकू आला.

आम्ही चौघं दाराकडं तोंड करून उभे. दाजी घड्याळ बघत नव्हते. आयुष्यभर मोजत आलेला माणूस, त्यानं डोळे मिटले होते. मी मनात म्हणत होतो, बारा वर्षं... या बाईंनी कुठं कुठं काढली असतील? कुणाच्या जिन्याखाली? कधी माझ्या दुकानातून तारेचा तुकडा जायचा, आणि मी उंदरांना शिव्या द्यायचो.

दहा मिनिटं झाली. चिमीनं कडी काढली.

खोली रिकामी.

ती आत गेली. “बाई?” कोपऱ्याकोपऱ्यात गेली. “बाई... मी उघडलंय दार. बाई?”

उत्तर नाही.

आणि ताईनं माझ्या पाठीला हात लावला. वळ, असं म्हणून नाही. नुसता हात लावला.

मी वळलो.

आमच्या मागं, जिन्याच्या खालच्या पायरीवर... जिथं त्या रात्री बाई काही न ऐकता बसल्या होत्या, त्याच पायरीवर... चपलांचा जोड काढून ठेवला होता. शेजारी शेजारी, नीट. येताना ती पायरी मोकळी होती. मी स्वतः तिथं बसून बूट काढले होते.

संध्याकाळी घेतलेलाच जोड. पण टाचा झिजून भोकं पडलेली. रंग उडालेला. एका चपलेचा अंगठा तुटलेला, तो तांब्याच्या तारेनं बांधलेला. माझ्या दुकानातली तार.

पायरीवर दुसरं कुणी नव्हतं. वर जिन्यात नव्हतं. बाहेर नव्हतं. आजपर्यंत नाही.

मी खाली वाकलो. चपलेच्या आत हात घालून पाहिला.

गरम होती.